गाळ आणि वाघळं : एका बारवेच्या नोंदी, २०२४

जिंतूर-सेलू पट्ट्यातलं गाव. नाव मुद्दाम लिहीत नाही. वाघळांची जागा चार लोकांना कळली की पाचवा मोबाईल घेऊन येतो.

१४ जानेवारी, रविवार

उद्या संक्रांत. आज आमचं बारव पथक पहिल्यांदा खाली, गावच्या जुन्या पायऱ्यांच्या विहिरीत, म्हणजे बारवेत, उतरलं. पथक म्हणजे मी, नववी-दहावीची सहा पोरं-पोरी आणि लेकरांना एकटं सोडायचं नाही म्हणून आलेले एकाचे आजोबा. त्यांना सगळं गाव आबा म्हणतं. काम साधं ठरलं होतं: महाशिवरात्रीला बारवेत दिवे लावायचे, त्याआधी झाडझूड करून घ्यायची.

बारव जया प्रकारची आहे. एका वाटेची ती नंदा, दोन वाटांची भद्रा, तीन वाटांची जया, चारही बाजूंनी उतरता येते ती विजया. आमच्या बारवेत तीन बाजूंनी पायऱ्या आहेत. चौथ्या, दक्षिणेच्या बाजूला वर मोटेची जागा आणि तिच्या पोटात काळोखी ओवरी. ओवरीच्या तोंडाशीच वास आला. देवगिरी किल्ल्याची अंधारी, म्हणजे वाघळांनी भरलेली काळोखी वाट, चढलेल्या कुणालाही तो वास सांगावा लागणार नाही. फक्त इथं त्यात आंबलेल्या फळाचीही झाक होती.

मी बॅटरी मारली आणि तिथंच चुकलो. छत दगडाचं वाटत होतं, ते हललं. शे-दोनशे वाघळं एकदम सुटली, आमच्या कानाजवळून भर दुपारच्या उन्हात गेली. बाहेर कावळे टपलेलेच होते. एक वाघूळ त्यांनी आमच्यासमोर खाली पाडलं.

आबा एवढंच म्हणाले, "सर, कुणाच्या घरात शिरताना आधी हाक मारावं."

झाडझूड रद्द. आधी इथं राहतं कोण, ते बघू.

२१ जानेवारी, रविवार

बॅटरीला लाल जिलेटिन कागदाचे तीन पदर रबरबँडनं बांधले. आत जास्तीत जास्त दोघं, तीही तोंडापर्यंतच, पाच मिनिटं, बोलणं बंद. तोंडाला मास्क. वाळलेल्या लेंड्यांच्या धुळीत बुरशी असते, ती फुफ्फुसात गेली की हिस्टोप्लाझ्मोसिस होऊ शकतो. म्हणून कोरडा झाडू तिथं कधीच चालवायचा नाही, हे पोरांकडून तीनदा वदवून घेतलं.

गर्दी करून लटकलेली, पिंगट, कुत्र्यासारख्या तोंडाची आणि मोठ्या डोळ्यांची ती रुसेटस लेशेनॉल्टी. फळं खाणारी जात. ही आपल्याकडच्या बाकी फळखाऊ वाघळांहून वेगळी आहे. ती डोळ्यांवर आणि वासावर चालतात. ही जीभ टिचकावून आवाज काढते आणि त्याच्या प्रतिध्वनीवर काळोखात वाट काढते. म्हणूनच तिला विहीर, भुयार, बारवेची ओवरी चालते, जिथं झाडावरच्या वाघळाला काही दिसणार नाही. ती टिकटिक आपल्यालाही ऐकू येते. दहावीतली एक मुलगी म्हणाली, "सर, गॅसचा लायटर दाबल्यासारखं वाजायलंय."

आतल्या कोनाड्यात वेगळीच मंडळी आहेत. सहा-सात असतील. राखाडी अंग, कान एवढाले की कपाळावर एकमेकांना जोडलेले, नाकावर उभं पान, शेपूट नाही. लायरोडर्मा लायरा. इंग्रजीत हिला खोटी रक्तपिपासू म्हणतात आणि त्या नावानं तिची फार बदनामी झाली आहे. रक्तावर जगणाऱ्या जाती जगात तीनच, त्याही मेक्सिकोपासून दक्षिण अमेरिकेपर्यंतच्या भागात. आमची ही बाई पानांची सळसळ ऐकून उंदीर, बेडूक, पाली, मोठे किडे उचलते. कोनाड्याखालच्या फरशीवर पोरांनी न शिवता यादी केली: बेडकाचा पाय, नाकतोड्याचे पंख, उंदराची शेपटी, चिमणीएवढ्या कुठल्याशा पाखराची पिसं.

संध्याकाळी मोजणी. मोजायला काय वापरावं यावर बराच खल झाला. शेवटी मंदिराबाहेरच्या दुकानातून बोटात घालायचे दोन जप काउंटर आणले, पन्नास रुपयांना एक. एक पोरगा बाहेर पडणारी मोजतो, दुसरा आत परतणारी. वजाबाकी करायची. पहिलं वाघूळ ६ वाजून ३२ मिनिटांनी निघालं. पाऊण तासात ३८६.

२६ जानेवारी, शुक्रवार

ग्रामसभा. विषयपत्रिकेत बारव नव्हतीच, पण निघाली. माजी पदाधिकाऱ्यांपैकी एकानं थेट बॉम्बच टाकला: "महाबळेश्वरच्या गुहेत निपाह निघाला होता का नाही? मग आपल्या बारवेत ही घाण कशाला ठेवायची? धूर करा, जाळी बसवा."

निपाह म्हणजे वाघळांतून माणसात येऊ शकणारा विषाणू, आणि तो खोटं बोलत नव्हता. पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू विज्ञान संस्थेनं २०२० च्या मार्चमध्ये महाबळेश्वरच्या गुहेतून नमुने घेतले, निष्कर्ष २०२१ मध्ये आले, आणि ज्या जातींत निपाहच्या खुणा निघाल्या त्यातली एक हीच, आमच्या ओवरीतली. मी ते सभेत कबूल केलं. लपवलं असतं आणि पुढच्या वर्षी कुणी मोबाईलवर वाचून दाखवलं असतं, तर वाघळांबरोबर माझीही पत गेली असती.

मग म्हणालो, आजवर भारतात माणसांत निपाह निघाला तो बंगालात आणि केरळात. वाघूळ छताला लटकून आपल्यावर रोग फेकत नाही. ते हातात धरलं, उष्टं फळ खाल्लं, त्याच्या लाळ-मुतानं बाटलेलं काही पोटात गेलं तर धोका. धूर केला तर तीच वाघळं घराघराच्या आढ्याला आणि शाळेच्या व्हरांड्यात येतील. आत्ता ती एका जागी आहेत, आपण दुसऱ्या जागी आहोत. यापेक्षा चांगलं अंतर कुठलं?

सरपंचताईंनी वेळ मारून नेली: "महाशिवरात्रीपर्यंत सरांना बघू द्या." माझ्या नशिबी महिना-दीड महिना आला.

एक गोष्ट मात्र सभेनंतर ऐकली ती खटकली. दम्याला वाघळाचं मटण आणि सांधेदुखीला वाघळाचं तेल म्हणून दोन-तीन घरं अजूनही वाघूळ मिळतं का विचारतात. निपाहची भीती घालणाऱ्यांना याची भीती वाटत नाही.

११ फेब्रुवारी, रविवार

गढीची फेरी. गावच्या गढीचा निम्मा भाग पांढऱ्या मातीसाठी लोकांनी खणून नेलाय. उरलेल्या बुरुजाच्या पोटात लांब शेपटीची छोटी वाघळं आहेत, रायनोपोमा. शेपूट उंदरासारखी, कातडीच्या पडद्याबाहेर लोंबणारी. कोरड्या, तापलेल्या प्रदेशातला हा प्राणी अंगात चरबी साठवून पडत्या दिवसांत तग धरतो. मराठवाड्याला साजेसा.

कॉलेजातून आठवड्यासाठी मागून आणलेलं डिटेक्टर यंत्र चालवून पाहिलं. आपल्याला न ऐकू येणारे आवाज ते खाली आणून ऐकवतं. गढीवर ते तडतडत राहिलं. बारवेच्या कोनाड्यातली मोठ्या कानांची बाई माझ्या डोक्यावरून दोनदा गेली, तर यंत्र जवळजवळ गप्प. ती फार हलक्या आवाजात बोलते, भक्ष्याला सुगावा लागू नये म्हणून.

२५ फेब्रुवारी, रविवार

शेजारच्या तालुक्यातली एक बारव बघून आलो. दोन वर्षांपूर्वी तिचं काम झालं. काम दृष्ट लागण्याजोगं, दगडाला दगड बसवलाय, कुठं सिमेंट फासलेलं नाही. पण ठेकेदारानं ओवरीच्या तोंडाला लोखंडी जाळी ठोकली आणि आत निळे-जांभळे दिवे सोडले. तिथल्या म्हाताऱ्या पुजाऱ्याला वाघळांचं विचारलं. "होती की. जाळी बसवली तवा आत होती का बाहेर, ते कुणी बघितलंय?" यापुढं मी काही विचारलं नाही.

मी जाळीच्या विरोधात आहे असं नाही. अजिंठ्यात वाघळांच्या मुता-लेंड्यांनी भिंतीवरची चित्रं खराब होतात. तिथं त्यांना बाहेर ठेवलंच पाहिजे. आमच्या ओवरीत चित्र नाही, मूर्ती नाही, कुणी झोपायलाही जात नाही.

महाशिवरात्रीचं असं ठरवलं: दिवे तिन्ही पायऱ्यांवर, दक्षिणेला एकही नाही. हॅलोजन नाही, फटाके नाहीत, डीजे नाही. दिवे लावायचे ते वाघळं बाहेर पडल्यावर, साडेसातला. या शेवटच्या अटीवर बायकांनी कुरकुर केली, दिवेलागणीला दिवा लागला पाहिजे म्हणून. मग एक समई सूर्यास्ताला उत्तरेच्या वरच्या पायरीवर लावायची आणि बाकी सगळे दिवे साडेसातला, असा तोडगा सरपंचताईंनीच काढला.

८ मार्च, शुक्रवार. महाशिवरात्र

रात्री साडेदहा. आत्ताच घरी आलो.

समई लागली. लोक पायऱ्यांवर बसून राहिले. मला वाटलं होतं पोरं दंगा करतील. ७ वाजता पहिली चार-पाच बाहेर पडली, मग एकदम लोंढा. बारवेच्या तोंडातून चक्कर मारत वर येणारा धुराचा खांब म्हणावा तसा, पण आवाज पंखांचा. दोनेकशे माणसं माना वर करून बघत होती. मागून एक म्हातारी म्हणाली, "माय, ही रोज अशी जातात?" रोज जातात. साठ-सत्तर वर्षं तिनं याच गावात काढली आहेत.

साडेसातला दिवे. सव्वाआठला कुणाच्या तरी पाहुण्यानं ड्रोन काढला आणि थेट ओवरीसमोर नेला. आबांनी त्याच्या हातातला रिमोटच घेतला. भांडण होता होता राहिलं. नऊला दिवे शांत केले.

मोजणी आज अर्धवट राहिली. काउंटरवाला पोरगा आकाशाकडं बघत दाबायचं विसरला. रागावलो नाही.

१७ मार्च, रविवार

पिल्लं आली. रुसेटसच्या माद्या वर्षातून दोनदा वितात, एकदा मार्चच्या आसपास आणि पुन्हा जुलै-ऑगस्टमध्ये. दर खेपेला बहुतेक एकच लेकरू. ते आईच्या पोटाला चिकटून असतं. अशा वेळी बॅटरी, आरडाओरडा, धूर काही झालं तर आई उडते आणि लेकरू सुटून खाली पडतं. १४ जानेवारीला मी जे केलं ते आज केलं असतं तर फरशीवर सडाच पडला असता.

एक पडलेलंच होतं. अंगठ्याएवढं, उघडं, पंख ओल्या कागदासारखे. उघड्या हातानं वाघूळ उचलायचं नाही हा नियम आहेच (चावलं तर रेबीजची लस लागते). जाड हातमोजे घालून, फडक्यात धरून, ओवरीच्या खडबडीत खांबावर जमेल तितक्या उंच टेकवलं. नख्या लगेच रोवल्या. बाहेर येऊन बसलो. सकाळी सहाला पोरांनी पाहिलं तर खांब रिकामा. आईनं नेलं असेल. मुंगसानंही नेलं असेल. पोरांनी वहीत "आईनं नेलं" असं लिहिलंय, मी खोडलं नाही.

२१ मार्च, गुरुवार

पहाटे सहाच्या सुमारास हादरा बसला. भांडी वाजली, माणसं अंगणात आली. केंद्र हिंगोली जिल्ह्यात, ४.५ तीव्रता. आठला बारवेवर गेलो. दगड हलला नाही. सातशे-आठशे वर्षांच्या सुक्या जोडकामाला असल्या हादऱ्यांची सवय असावी. वाघळं जागेवर.

७ एप्रिल, रविवार

खरा पेच आता आलाय. गेल्या वर्षी पाऊस कमी झाला, बारवेचा तळ दिसायला लागलाय. चार हात पाणी आणि त्याखाली पुरुषभर गाळ. गावाचं म्हणणं बरोबर आहे: गाळ काढायचा तर आत्ताच, पाऊस पडला की वर्ष गेलं. आणि ओवरीत पिल्लं आहेत तीही आत्ताच. पाणी आटायची वेळ आणि लेकरं वाढायची वेळ एकच आहे. ज्यानं बारव बांधली त्याला हा प्रश्न पडला नसेल, कारण तेव्हा दर वर्षी गाळ निघत होता आणि ओवरीत माणसांचा राबता होता. बारव ओस पडली म्हणून वाघळं आली. आपण ती पुन्हा माणसात आणतोय म्हणून आता जागेचा प्रश्न.

दोन रात्री यावर विचार केला. "वाघळांसाठी गाळ काढू नका" हे मी टंचाईच्या वर्षात कुणाच्या तोंडावर म्हणू शकत नाही, आणि म्हणूही नये.

२६ एप्रिल, शुक्रवार

मतदान. ड्युटी दुसऱ्या तालुक्यात. बारवेकडं फिरकलो नाही.

५ मे, रविवार

गाळ सुरू झाला. जे जमलं ते असं. क्रेन दक्षिणेला मोटेच्या जागेवर उभी करायची होती, कारण तिथं सपाट चौथरा आहे. पण तो चौथरा म्हणजे ओवरीचं छप्पर. डिझेल इंजिनाचा हादरा सरळ वाघळांच्या पायात गेला असता. क्रेनवाल्याला म्हटलं, उत्तरेला उभी कर. तो म्हणाला, लांब पडतं, दिवसाला दोन खेपा कमी होतील, पैसे कोण देणार? खेपांचे पैसे आम्ही शिक्षकांनी वर्गणीतून दिले. ओवरीच्या तोंडाला गोणपाटाचा दुहेरी पडदा, वरून हातभर मोकळा, जाण्या-येण्यापुरता. काम सकाळी सात ते साडेपाच, सूर्यास्ताच्या आत सगळे वर. रात्रपाळी नाही, दिवा नाही.

वाघळं पहिल्या दिवशी कासावीस होती, आत सारखा कलकलाट. तिसऱ्या दिवशी निवळली. मोठ्या कानांची मात्र कोनाड्यातून गेली. त्यांचीही पिल्लं उन्हाळ्यातच होतात. मनाला लागलं.

गाळ शेतात टाकायला झुंबड. त्यात वाघळांच्या लेंड्या मुरलेल्या. एकानं मला विचारलं, "सर, आणखी वाघळं मिळतील का?"

२६ मे, रविवार

आज बारव नाही, मठातली चिंच. तिच्यावर टेरोपस, सगळ्यात मोठी फळवाघळं, पंख पसरले तर चार-पाच फूट. पूर्वी ही वसाहत रस्त्याकडेच्या वडांवर होती. रुंदीकरणात वडांची रांग गेली आणि वाघळं मठात आली. दुपारी दोनला मठाच्या ओट्यावर सावलीत पारा ४२.५. वाघळं पंखांनी वारा घेत होती, अंग चाटत होती, काही खोडाच्या सावलीकडं सरकत खाली उतरली होती. ही खाली उतरायला लागली की धोका समजायचा. सात मेली. त्यातल्या दोघींच्या पोटाला लेकरं होती.

मठातल्या बाबांनी फवारणीचा पंप काढला. झाडाला नळी लावून जोराचा फवारा मारायचा नाही, घाबरून भर उन्हात उडतात आणि तिथंच संपतात. बारीक तुषार, खालच्या फांद्यांवर, लांबून. मेलेली फावड्यानं उचलून, चुना टाकून पुरली.

या प्राण्याला १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं उपद्रवी ठरवलं होतं. पाचव्या अनुसूचीत कावळा, उंदीर, घूस आणि फळवाघळं एका ओळीत. ती अनुसूचीच २०२२ च्या दुरुस्तीनं गेली, १ एप्रिल २०२३ पासून. म्हणजे पन्नास वर्षं ही वाघळं कुणीही मारावीत अशी होती. डाळिंबवाला अजून तेच धरून बसलाय, आणि त्याचं नुकसान खरं आहे. पण गावात ज्या भिंतीतून वड-उंबर फुटलेत त्यांचं बी कुणी नेलं, हेही त्यानं एकदा बघावं. बागेवर जाळं टाकायचंच असेल तर ताणून बसवलेलं, बारीक भोकाचं. ढिलं लोंबतं जाळं म्हणजे फास.

१६ जून, रविवार

मृगाचा पाऊस झाला. पहिल्या पावसानंतर संध्याकाळी हुमणीचे, म्हणजे पिकाची मुळं खाणाऱ्या अळीचे, भुंगेरे जमिनीतून निघून कडुनिंब-बाभळीवर जमतात. त्या झाडांभोवती छोटी वाघळं घिरट्या घालताना पोरांनी तासभर पाहिली. एका पोराचा बाप हुमणीनं मेटाकुटीला आलेला. तो येऊन उभा राहिला, काही न बोलता.

बारवेत आठ हात स्वच्छ पाणी. ओवरीतून बाहेर पडणारी ४०३. मोठ्या कानांच्या तिघी परत कोनाड्यात.

१५ ऑगस्ट, गुरुवार

ग्रामसभा. आता विषयपत्रिकेत बारव आहे, चौथा विषय. ठराव दोन ओळींचा: दक्षिणेच्या ओवरीत दिवा, जाळी, रंग, धूर काही नाही, आणि बारवेची साफसफाई दसऱ्यानंतर. दुसऱ्या खेपेची पिल्लं सध्या अंगावर आहेत, ऑक्टोबरपर्यंत ती उडायला लागतील आणि माद्या पुन्हा गाभण राहायच्या आत काम उरकेल. निपाहवाल्यानं एक दुरुस्ती सुचवली: ओवरीच्या तोंडाशी "आत जाऊ नये, पडलेली फळं खाऊ नयेत" असा फलक. चांगली सूचना. मंजूर.

१३ ऑक्टोबर, रविवार

काल दसरा झाला. आज सकाळी नऊ ते बारा साफसफाई, पस्तीस माणसं. तिन्ही पायऱ्यांवरची बाभळीची रोपं मुळासकट काढली. वडाचं एक रोप दगडात फार आत गेलेलं, ते नुसतं छाटलं, उपटलं असतं तर जोड उखडला असता. ओवरीत फक्त दोघं गेलो. लेंड्यांवर आधी पाणी मारलं, मग फावड्यानं ओढून अकरा पोती भरली. एक पोतं शाळेच्या बागेला, बाकीच्यांचा आबांनी तिथंच लिलाव केला. ३,३०० रुपये आले, क्रेनच्या खेपांचे निम्मे निघाले.

संध्याकाळी मोजणी. नवीन जप काउंटर लागणार, जुन्याचं बटण अडकतंय. ४१७ झाली तेव्हा ते बंद पडलं, आणि वाघळं अजून निघतच होती.